मिठात मुरवून मंद आचेवर भाजलेला सॅल्मन : दोष दर वेळी वेगळा का दिसतो?

सॅल्मनचा तुकडा मीठ-साखरेत मुरवायचा आणि मग कमी तापमानाच्या ओव्हनमध्ये हळूहळू भाजायचा, ही कृती वाचायला चार ओळींची असली तरी घरी ती करणाऱ्यांची तक्रार बहुधा एकच असते. तीच कृती, तेच मीठ, तोच ओव्हन, आणि तरीही एका खेपेला मासा खारट ढाण होतो, दुसऱ्या खेपेला त्याच्या अंगावर फाटलेल्या दुधासारखा पांढरा साका जमतो आणि तिसऱ्या खेपेला तो लिबलिबीत निघतो. दोष डोळ्यांना दिसतो तो ट्रे बाहेर काढल्यावर, म्हणून सगळे खापर ओव्हनवर फुटते; तापमान दहा अंशांनी कमी-जास्त केले जाते, वेळ पाच मिनिटांनी बदलली जाते आणि पुढच्या खेपेला पुन्हा ये रे माझ्या मागल्या. माझ्या मते हे बहुतेक वेळा चोर सोडून संन्याशाला फाशी देणे असते, कारण मूळ बिघाड आदल्या दिवशी, मीठ लावताना झालेला असतो आणि ओव्हन तो फक्त उघड करतो.

त्यामुळे निदान ओव्हन चालू करण्याआधीच सुरू करावे. मुरलेला तुकडा पिशवीतून काढून कोरडा पुसावा आणि जाड बाजूकडून धारदार सुरीने अर्ध्या सेंटिमीटरची एक आडवी चकती कापून ती उजेडात धरावी. जिथपर्यंत मीठ पोहोचले आहे तिथले मांस गडद, किंचित काचेसारखे आणि बोटाला घट्ट लागते; जिथे पोहोचलेले नाही तिथे ते फिकट, मऊ आणि कच्च्या माशासारखेच ओलसर दिसते. संपूर्ण चकती एकसारखी असेल तर मुरवण्याचे काम नीट झाले आहे आणि पुढे काही बिघडले तर खुशाल ओव्हनला दोष द्यावा. भोवती गडद पट्टा आणि मध्ये फिकट गाभा असे चित्र दिसले, तर भाजल्यावर कडा खारट व चिवट आणि मधला भाग अळणी व मऊ निघणार हे तिथेच ठरले आहे. ओव्हनचे बटण कितीही फिरवले तरी त्यात फरक पडणार नाही. हीच चकती तव्यावर दोन्ही बाजूंनी क्षणभर परतून चाखली की खारटपणाचाही अंदाज येतो, आणि तो अजून दुरुस्त करता येण्याच्या टप्प्यावर येतो, हे महत्त्वाचे.

मीठ : चमचा नव्हे, वजनकाटा

सर्वांत जास्त घोळ मापाचा असतो. बारीक दाणेदार मीठ एका मोठ्या चमच्यात साधारण १८ ग्रॅम मावते, तर पोकळ पापुद्र्यांचे भरड मीठ त्याच चमच्यात ९ ते १० ग्रॅमच मावते. म्हणजे ‘तीन चमचे मीठ’ असे लिहिलेल्या कृतीत मिठाचा प्रकार बदलला की मिठाचे प्रमाण जवळजवळ दुप्पट किंवा निम्मे होऊ शकते. त्यात माशाचे वजन दर खेपेला वेगळे असते, चमचा कधी सपाट तर कधी शीग लावून भरलेला असतो, आणि अशा अंदाजपंचे दाहोदरसे कारभारातून दर वेळी एकसारखी चव मिळावी ही अपेक्षाच मुळात चुकीची आहे.

दुसरा घोळ कृतींच्या सरमिसळीचा असतो. न शिजवता पातळ काप करून खाण्यासाठी मुरवलेल्या सॅल्मनच्या पारंपरिक कृतींत मासा मीठ-साखरेच्या जाड थरात अक्षरशः गाडतात, कारण तिथे मांसातले पाणी बाहेर काढून ते घट्ट करायचे असते. तो मासा पुढे भाजला जाणार नसतो. तीच कृती उचलून वर भाजण्याची पायरी जोडली, तर आधीच मीठ भरपूर घेतलेल्या मांसातले आणखी पाणी उडते आणि मीठ मात्र बहुतांश आतच राहते. साधा हिशोब करून पाहावा : एक किलो माशात २० ग्रॅम मीठ असेल आणि पाणी जाऊन त्याचे वजन ८५० ग्रॅमवर आले, तर दोन टक्क्यांचा खारटपणा २.३ टक्क्यांच्या पुढे जातो. जिभेला हा फरक चांगलाच जाणवतो.

भाजायचा मासा मुरवण्यासाठी म्हणून मोजून मीठ लावण्याची पद्धत मला सर्वांत भरवशाची वाटते. माशाचे कातडीसह वजन करावे, त्याच्या दीड टक्का मीठ आणि एक टक्का साखर घ्यावी. म्हणजे ६०० ग्रॅमच्या तुकड्याला ९ ग्रॅम मीठ आणि ६ ग्रॅम साखर पुरते. एवढेसे मीठ पाहून हात शिवशिवतो आणि ‘थोडे आणखी’ घालावेसे वाटते, तो मोह आवरावा. साखर मासा टिकवण्याचे काम करत नाही, ती खारटपणाची धार बोथट करते एवढेच, त्यामुळे तिचे प्रमाण चवीनुसार बदलले तरी चालते. मात्र वजनकाटा १ ग्रॅमच्या टप्प्याने मोजणारा असेल, तर ९ ग्रॅममध्ये एका ग्रॅमची चूक म्हणजे एकदशांशाहून मोठी चूक ठरते. लहान तुकडे नेहमी करायचे असतील, तर ०.१ ग्रॅमपर्यंत मोजणारा छोटा काटा जवळ ठेवणे शहाणपणाचे आहे.

मीठ लावलेला तुकडा झिपच्या पिशवीत हवा दाबून काढून बंद करावा, ताटलीत आडवा ठेवावा आणि फ्रिजमध्ये मुरू द्यावा. काही तासांत पिशवीच्या तळाशी पाणी सुटलेले दिसते, आणि इथे अनेकांची नेमकी चूक होते : ते पाणी नको असलेले समजून ओतून टाकले जाते. मोजून लावलेल्या मिठाचा मोठा वाटा त्या वेळी त्या पाण्यातच असतो आणि पुढच्या तासांत तो हळूहळू मांसात परत शिरायचा असतो. पाणी ओतले की मोजमापाला अर्थ उरत नाही. पिशवी दर दहा-बारा तासांनी उलटावी आणि शेवटी मासा न धुता फक्त कोरडा पुसावा. या पद्धतीत मीठ माशाला पेलेल तेवढेच असल्यामुळे तो सहा तास जास्त राहिला तरी खारट होत नाही, आणि माझ्या लेखी हा तिचा सर्वांत मोठा गुण आहे.

ज्यांना मिठाच्या जाड थराचीच पद्धत हवी असेल, त्यांनी वेळ तासाच्या हिशोबाने काटेकोर पाळावी, नंतर मासा थंड पाण्याखाली पटकन धुऊन पुसावा आणि जाळीवर न झाकता फ्रिजमध्ये निदान सहा ते बारा तास विसावू द्यावा. या विसाव्यात बाहेरच्या थरातले मीठ आत सरकते आणि गडद पट्टा व फिकट गाभा यांतले अंतर कमी होते. घाईत हाच टप्पा गाळला जातो आणि ‘कड खारट, पोट अळणी’ ही तक्रार तिथूनच सुरू होते.

चकती चाखून मासा फार खारट वाटला, तर तो थंड पाण्यात अर्धा ते एक तास भिजवावा, पुन्हा पुसावा आणि दुसरी चकती परतून पाहावी. भाजून झाल्यावर मात्र मीठ काढता येत नाही. मग मासा कुस्करून मीठ न घातलेल्या उकडलेल्या बटाट्यात किंवा अंड्यात मिसळणे हाच मार्ग राहतो.

जाडी आणि कातडी

मीठ मांसात किती वेगाने शिरते याचा हिशोब सरळ रेषेत चालत नाही. जाडी दुप्पट झाली की वेळ दुप्पट नव्हे, तर साधारण चौपट लागते. पाठीकडचा तीन सेंटिमीटर जाडीचा भाग नीट मुरायला २४ ते ३० तास लागत असतील, तर शेपटीकडच्या दीड सेंटिमीटरला सहा ते आठ तास पुरतात. अखंड बाजू एकाच वेळी मिठाच्या थरात ठेवली तर शेपूट वातड होणारच. कातडी हा आणखी एक अडथळा आहे. तिच्यातून मीठ फार सावकाश जाते, त्यामुळे कातडीच्या बाजूला चोळलेले मीठ बरेचसे वाया जाते आणि मिठाला वरून खालपर्यंत पूर्ण जाडी एकाच दिशेने पार करावी लागते. म्हणून कातडी ठेवायची असेल तर जवळजवळ सगळे मीठ मांसाच्या बाजूला, आणि त्यातही जाड भागावर जास्त व कडेला कमी, असे पसरावे. शेपटीचा पातळ भाग कापून वेगळा मुरवणे किंवा भाजताना तो खाली दुमडून जाडी सारखी करणे, हे दोन्ही उपाय चालतात. मला पहिला अधिक पटतो, कारण दुमडलेला भाग मिठाच्या बाबतीत काहीच सुधारत नाही.

ओव्हनमधला फसवा रंग

आता ओव्हनकडे वळू. मंद भाजणीत सर्वाधिक मासे बिघडतात ते तापमान चुकल्याने नव्हे, तर मासा शिजला आहे हे न ओळखल्याने. कडक आचेवर शिजलेला सॅल्मन फिकट, अपारदर्शक गुलाबी दिसतो आणि डोळ्यांना तीच खूण ठाऊक असते. ११० ते १२० अंश सेल्सिअसच्या ओव्हनमध्ये सावकाश भाजलेला सॅल्मन आतून ५० अंशांना पोहोचला तरी वरून जवळजवळ कच्च्यासारखाच भडक नारिंगी आणि ओलसर दिसतो. आधी मुरवलेल्या माशात मिठामुळे रंग मुळातच गडद झालेला असतो, म्हणून हा फसवेपणा वाढतो. मग ‘अजून कच्चा आहे’ असे म्हणून पाच मिनिटे, पुन्हा पाच मिनिटे करत ट्रे आत ढकलला जातो, आणि ओळखीचा फिकट रंग दिसेपर्यंत आतले तापमान ६० अंशांच्या पुढे गेलेले असते. त्या क्षणी मासा कोरडा पडतो आणि पांढरा साकाही बाहेर येतो.

म्हणून इथे डोळ्यांपेक्षा थर्मामीटरवर विसंबावे. सुईचा थर्मामीटर वरून खुपसू नये, कारण दोन-तीन सेंटिमीटरच्या मांसात टोक नेमके मध्यावर थांबवणे अवघड असते. तो बाजूने, तुकड्याच्या उंचीच्या मध्यावरून आडवा आत सरकवावा आणि टोक सर्वांत जाड भागाच्या गाभ्यात राहील असे पाहावे. पाळीव अटलांटिक सॅल्मन चरबीदार असतो आणि ५० ते ५२ अंशांवर त्याची पोत सर्वांत चांगली लागते. सॉकायसारख्या कमी चरबीच्या रानटी सॅल्मनला ४८ ते ५० अंश पुरतात आणि त्यापुढे तो झपाट्याने कोरडा होतो. मंद आचेवर भाजलेल्या माशाचे तापमान बाहेर काढल्यावर फार चढत नाही, त्यामुळे एक-दोन अंश आधी काढला तरी पुरे. थर्मामीटर नसेल तर पातळ सुरीचे टोक जाड भागात घालून हलकेच वळवावे : मांसाचे पदर सहज सुटत असतील तर रंग काहीही सांगो, मासा झाला आहे, पदर एकमेकांना चिकटून ताणले जात असतील तर तो अजून व्हायचा आहे.

वेळेचा अंदाज म्हणून १२० अंशांवर तीन सेंटिमीटर जाडीच्या तुकड्याला २५ ते ३५ मिनिटे धरावीत, पण तो अंदाजच आहे. घरगुती ओव्हन आपल्या बटणावरच्या आकड्याशी क्वचितच प्रामाणिक असतात; आतले तापमान सतत खाली-वर होत असते आणि सरासरीही दहा-वीस अंशांनी सरकलेली असू शकते. ओव्हनमध्ये ठेवायचा साधा थर्मामीटर जाळीवर ठेवून हे एकदा तपासले की पुढचे बरेच कोडे सुटते. पंखा चालू असेल तर तापमान दहा ते वीस अंश कमी ठेवावे. आणि ओव्हन पूर्ण तापल्याशिवाय मासा आत ठेवू नये, कारण तापत असताना अनेक ओव्हनमध्ये वरची कॉइल पूर्ण जोराने चालू असते आणि तिच्या झळेने माशाचा वरचा थर आतल्यापेक्षा कितीतरी आधी शिजतो. ज्यांच्या माशावर पांढरा साका फक्त वरच्या पृष्ठभागावर येतो आणि बाजूंवर येत नाही, त्यांनी आधी हेच तपासावे.

तो पांढरा साका म्हणजे काही खराबी नव्हे. स्नायूंचे तंतू उष्णतेने आखडतात तेव्हा आतला द्रव पिळला जाऊन बाहेर येतो आणि त्यातली अल्ब्युमिनसारखी प्रथिने पृष्ठभागावर गोठतात. खाण्यास तो निर्धोक आहे, पण तो दिसला म्हणजे मांस आखडले आणि ओलावा गेला, हा संदेश मात्र खरा असतो. नीट मुरवलेल्या माशात तो कमी येतो, कारण मीठ पृष्ठभागाजवळची प्रथिने काही प्रमाणात विरघळवते आणि ती शिजताना आतल्या आत जेलसारखी धरून राहतात. म्हणून मुरवूनही साका भरपूर येत असेल, तर निष्कर्ष सरळ आहे : एक तर आच ठरवली त्यापेक्षा जास्त आहे, नाहीतर मासा फार वेळ आत राहिला आहे.

कातडी कुरकुरीत होत नाही ही तक्रार या पद्धतीत गैरलागू आहे. १२० अंशांवर ती होणारच नाही. ट्रेवर बटर पेपर घालावा, कातडी त्याला चिकटून राहू द्यावी आणि मासा वरून उचलून घ्यावा. कुरकुरीत हवी असेल तर ती नंतर तव्यावर वेगळी भाजावी.

लिबलिबीत मांस

मासा गाभ्यापर्यंत मुरला आहे, थर्मामीटर ५० दाखवतो आहे, आणि तरीही मांस पिठूळ किंवा गिळगिळीत लागते, अशा वेळी दोन शक्यता तपासाव्यात. पहिली म्हणजे आच गरजेपेक्षाही मंद असणे. ओव्हन ७०-८० अंशांवर ठेवला तर मासा ४० ते ५० अंशांच्या पट्ट्यात फार वेळ रेंगाळतो, आणि त्या पट्ट्यात माशाच्या स्वतःच्या मांसातली प्रथिने तोडणारी विकरे जोमाने काम करतात. मंद म्हणजे जितके मंद तितके चांगले, हा समज इथे नडतो. ११० अंशांच्या खाली जाण्याचे काही कारण मला दिसत नाही. दुसरी शक्यता माशाचीच आहे. घरच्या फ्रीजरमध्ये सावकाश गोठलेल्या माशात बर्फाचे मोठे स्फटिक होऊन पेशी फाटतात, आणि तो वितळताना भरपूर पाणी सोडतो. मीठ लावण्यापूर्वीच कच्च्या मांसावर बोट दाबून पाहावे : खळगा भरून न येता तसाच राहिला किंवा पदर आधीच सुटे होऊन मधे फटी दिसत असतील, तर तो मासा मंद भाजणीच्या कामाचा नाही. तो सरळ कडक आचेवर शिजवावा किंवा रश्शात घालावा.

गोठवलेला मासा फ्रिजमध्येच वितळवावा, आणि तो हवाबंद पिशवीत आला असेल तर पिशवी आधी फाडून उघडावी. ऑक्सिजन नसलेल्या बंद पिशवीत बोटुलिझम ही जीवघेणी अन्नविषबाधा घडवणाऱ्या जिवाणूचा एक प्रकार फ्रिजच्या, म्हणजे ३ ते ५ अंशांच्या तापमानालाही वाढू शकतो.

सुरक्षिततेचा प्रश्न

इथे खाणाऱ्याला नेमके काय मिळते आहे ते स्पष्ट असावे. ५० ते ५२ अंशांवर काढलेला सॅल्मन चवीला उत्तम असला, तरी अमेरिकेतील अन्नसुरक्षेच्या सूचनांत माशासाठी सांगितलेले आतले तापमान ६३ अंश आहे. मिठात मुरवल्याने अनिसाकिससारखे परजीवी कृमी मरतात हा समज धोक्याचा आहे. घरगुती प्रमाणातल्या मिठाला ते दाद देत नाहीत. त्यांच्यावर भरवशाचा उपाय म्हणजे गोठवणे. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाच्या सूचनांत त्यासाठी उणे २० अंश किंवा त्याखाली ७ दिवस, अथवा उणे ३५ अंशांवर पूर्ण गोठवून त्याच तापमानाला १५ तास अशी मापे दिली आहेत. घरचे फ्रीजर बहुधा उणे १८ अंशांवर लावलेले असतात, त्यामुळे घरी ‘आठवडाभर गोठवला’ म्हणणे पुरेसे ठरत नाही. रानटी सॅल्मन कमी तापमानावर काढायचा असेल, तर तो अशा प्रकारे आधीच गोठवलेला आहे याची विकत घेतानाच खात्री करून घ्यावी. तयार खाद्यावर वाढवलेल्या पाळीव सॅल्मनमध्ये हा धोका फारच कमी असतो, पण लिस्टेरिया हा वेगळा विषय आहे : तो जिवाणू फ्रिजमध्येही वाढतो आणि थोड्या मिठाने थांबत नाही. म्हणून गरोदर स्त्रिया, वृद्ध आणि प्रतिकारशक्ती कमी असलेले लोक यांच्यासाठी मासा ६३ अंशांपर्यंतच न्यावा. नीट मुरवलेला तुकडा मंद आचेवर त्या तापमानाला नेला, तर तो कडक आचेवरच्या माशाइतका कोरडा होत नाही, ही त्यातली जमेची बाजू.

उग्र वास

कातडीला लागून, मांसाच्या मध्यरेषेवर जो करडा-तपकिरी पट्टा असतो त्यात चरबी आणि हवेने लवकर बिघडणारे घटक जास्त असतात. मासा ताजा असेल तर तो पट्टा ठेवायला हरकत नाही, पण चार-पाच दिवस फ्रीजरमधून फ्रिजमध्ये ये-जा झालेल्या तुकड्यात वास तिथूनच येतो. भाजून झाल्यावर सुरी आडवी धरून तो खरवडून काढणे सोपे जाते.

दुसऱ्या दिवशी येणारा उग्र वास मात्र बहुधा पुन्हा गरम केल्याचा असतो. एकदा ५० अंशांवर थांबवलेला मासा मायक्रोवेव्हमध्ये घातला की काही सेकंदांत ७० अंशांच्या पुढे जातो, आदल्या दिवशी टाळलेला पांढरा साका तेव्हा बाहेर पडतो आणि शिळ्या चरबीचा वास घरभर होतो. उरलेला मासा भाजल्यापासून दोन तासांच्या आत झाकून ४ अंश किंवा त्याहून थंड फ्रिजमध्ये ठेवावा, तीन दिवसांत संपवावा आणि थंडच खावा. मीठ नीट मुरलेले असेल तर तो थंड असतानाच जास्त चांगला लागतो.